बाकी एक

(पुणे. मे महिन्यातला शुक्रवार, दुपारचे पावणेदोन. एका धर्मादाय संस्थेचं डायलिसिस केंद्र. सहा खाटा, सहा यंत्रं. त्यांतल्या दोन यंत्रांवर परवापासून चादरी टाकलेल्या. शेजारशेजारच्या खाटांवर दोघं जण : निवृत्त गणितशिक्षक दिगंबर, आणि रविवारी शिक्षक पात्रता परीक्षा देणारी यास्मिन. दोघांचे डावे हात यंत्राला जोडलेले, उजवे मोकळे. अरफात इथला तंत्रज्ञ.)

दिगंबर : पुन्हा वाच. सावकाश. गणित कुठे पळून जात नाही. आपणही नाही.

यास्मिन : "क्ष लिटर सरबत बारा मुलांना सारखे वाटले. प्रत्येक मुलाला मिळालेल्या सरबतासाठी बैजिक राशी लिहा. क्ष बरोबर नऊ असताना राशीची किंमत काढा."

दिगंबर : आणि आपण काय लिहिलंत?

यास्मिन : बारा भागिले क्ष.

दिगंबर : म्हणजे सरबत मुलांना वाटायचं सोडून मुलं सरबताला वाटलीस. एका लिटरला एक आख्खं मूल, आणि वर एका मुलाचा तिसरा हिस्सा. कुठला हिस्सा ते तूच ठरव.

यास्मिन : हसू नका ना, सर. नऊ लहान, बारा मोठे. लहानाला मोठ्यानं कसं भागायचं? पुस्तकात कायम वस्तू जास्त असतात आणि माणसं कमी.

दिगंबर : पुस्तक लिहिणाऱ्यांच्या घरी असेल तसं. हे बघ, जे वाटायचं ते वर. जितक्या जणांत वाटायचं ते खाली. आकडे मग बघायचे. क्ष त्यासाठीच असतो. आकडा दिसला की तुम्ही लोक विचार करायचं सोडता.

यास्मिन : क्ष छेद बारा. नऊ छेद बारा. तीन छेद चार. पाऊण लिटर.

दिगंबर : प्रत्येक कार्ट्याला पाऊण लिटर. आपल्याला दिवसाला अर्धा, तोही चहा धरून. मजा आहे त्यांची.

अरफात : सर, हात वाकवू नका, अलार्म येतोय. आणि बोलणं थोडं कमी करा. बीपी नव्वदवर आलंय.

दिगंबर : माझं बीपी आयुष्यभर पालकसभेत चढलं. आता उतरतंय तर उतरू दे.

अरफात : पायात गोळे येतायत?

दिगंबर : येतायत.

अरफात : येणारच ना आज. मी सकाळीच बोललो होतो तुम्हाला...

दिगंबर : अरफात, त्या कोपऱ्यातल्या यंत्राचा अलार्म बघ.

अरफात : कुठे वाजतोय?

दिगंबर : वाजेल.

यास्मिन : सकाळी काय बोलला होतात, अरफातभाई?

अरफात : काही नाही. तू गणितं कर.

यास्मिन : सोमवारची यादी लागली?

अरफात : डॉक्टर लावतील संध्याकाळी. तू टेन्शन घेऊ नको.

यास्मिन : टेन्शन नको घेऊ म्हणतात तेव्हाच घ्यायचं असतं. मला माहितीये त्या यादीत काय असणार.

दिगंबर : माहितीये म्हणजे? मांडून बघितलंस?

यास्मिन : मांडायचं काय त्यात, सर? दोन मशिन बंद, पार्ट बाहेरून येणार, सहा आठवडे लागणार. कुणाला तरी काढणार. आणि सगळ्यांत शेवटी आलेली मी आहे. चौदा महिनेच झालेत मला.

दिगंबर : घाबरायचं तर मांडून घाबर. अंदाजे घाबरणं मला चालत नाही. लिही. यंत्रं म. एक यंत्र दिवसाला बारा तास चालतं, त्यापुढे टाकीतलं शुद्ध पाणी पुरत नाही. एका रुग्णाला त तास. एका दिवसात एकूण किती रुग्ण?

यास्मिन : एका मशिनवर... बारा तास वाटायचे, त-त तासांचे वाटे. बारा वर, त खाली. आणि गुणिले म. बारा म छेद त.

दिगंबर : आजवरची किंमत काढ. म सहा, त चार.

यास्मिन : बाहत्तर छेद चार. अठरा. सोमवार, बुधवार, शुक्रवारचे आपण अठराच होतो.

दिगंबर : आता म चार.

यास्मिन : अठ्ठेचाळीस छेद चार. बाराच.

अरफात : म्हणून तर डॉक्टरांनी सगळ्यांचे चार तासांचे तीन केले. त्याच्याखाली एक मिनिट पण नाही बोलले. रक्त साफच होत नाही मग.

यास्मिन : त तीन. सोळा होतात. आणि दीनानाथकाका गेल्या रविवारी गेले, म्हणून आपण आता सतरा. आज एक जण गावाला गेलाय म्हणून भागलं.

दिगंबर : पुढे?

यास्मिन : सतरा माणसं, चार मशिन. सतरा भागिले चार. एकेका मशिनवर चार जण. बाकी एक.

दिगंबर : बाकी लिहिलीस?

यास्मिन : लिहिली.

दिगंबर : शाब्बास. एरवी विसरतेस आणि मला अर्धा गुण कापावा लागतो.

यास्मिन : सर, ती बाकी म्हणजे मी.

दिगंबर : भागाकार तसं म्हणत नाही. भागाकार म्हणतो, एक. कोण ते त्याला ठाऊक नसतं.

यास्मिन : मला ठाऊक आहे ना. अब्बांनी नऊ ठिकाणी विचारलं. सगळीकडे वेटिंग. एका ठिकाणी तर बाई म्हणाल्या, कुणी कमी झालं की फोन करू. कमी झालं की! अब्बा घरी येऊन नुसते बसून राहिले.

अरफात : परवा इथे आले होते तुझे अब्बा. मकबूलचाचा. स्क्रू-ड्रायव्हरचा डबा घेऊन.

यास्मिन : इथे?

अरफात : बोलले, बुधवार पेठेत तीस वर्षं मिक्सर दुरुस्त करतोय, एकदा उघडून बघू दे. मी बोललो, चाचा, हे कंपनीचं सील आहे. तर बोलले, बेटा, सील नाही तोडणार, नुसतं आत बघतो. मला नाही म्हणताना कसंतरीच झालं.

यास्मिन : मला सांगितलंच नाही त्यांनी.

दिगंबर : ऐक. रडू नकोस, वही भिजेल. ती बाकी तू नाहीस. मी चाललोय.

यास्मिन : कुठे?

दिगंबर : खराडीला. आमोदनं तिथल्या एका इस्पितळात सोय केलीये. त्याच्या ऑफिसच्या जवळ आहे. सोमवारपासून तिकडे. म्हणजे इथे उरलात सोळा. सोळा भागिले चार, बाकी शून्य. झालं समाधान?

यास्मिन : खरंच, सर?

दिगंबर : मी खोटं कधी बोलतो?

यास्मिन : ईदला अम्मीला म्हणालात, शिरखुर्मा फार आवडला. चाखलासुद्धा नव्हता. पथ्य म्हणून घरी नेलात आणि वॉचमनला दिलात.

दिगंबर : तो शिष्टाचार झाला.

यास्मिन : अल्ला... मी दोन रात्री झोपले नाहीये, सर. बघा ना, मला आधी आनंदच झाला. तुम्ही इथे नसणार हे नंतर लक्षात आलं. किती वाईट आहे मी.

दिगंबर : अजिबात नाही. क्रम बरोबर आहे.

यास्मिन : आमोददादा नेणार-आणणार तुम्हाला?

दिगंबर : नेईल की. मुलगाच आहे माझा, टॅक्सीवाला नाही, पण नेईल.

यास्मिन : चांगलं झालं. निदान तुमच्याजवळ कुणी असेल. काकू गेल्यापासून तुम्ही एकटे राहता, मला बघवत नाही ते. मग माझं गणित कोण घेणार पण?

दिगंबर : रविवारी पेपर झाला की गणिताशी तुझा संबंध संपला. पुढे पोरांना छळायचं.

यास्मिन : पोरं कुठली देतंय मला कोणी? आठवड्यातले तीन दिवस गैरहजर राहणारी बाई कोण ठेवणार?

दिगंबर : माझ्या शाळेत सहाही दिवस गैरहजर असणारे होते. सही करून. तू निदान तीन दिवस तरी वर्गात दिसशील.

यास्मिन : तुम्ही ना... बरं, चला. तुमच्या खाटेवरच्या पाटीचं गणित करते आणि वही मिटते.

दिगंबर : आज पाटी नको.

यास्मिन : असं कसं? रोज शेवट तुमच्या पाटीनंच होतो. तुम्हीच लावलंय ते. आल्यावरचं वजन व, कोरडं वजन क, तास त. अंगातलं जादा पाणी वाटायचं, म्हणजे ते वर. तासांमध्ये वाटायचं, म्हणजे तास खाली. व वजा क, सगळं छेद त.

दिगंबर : येतं ना? मग झालं. येतं ते पुन्हा कशाला करायचं?

यास्मिन : शेवटची म्हणून. अरफातभाई, सरांची पाटी जरा इकडे फिरवा. उलटी का लावलीये?

अरफात : उलटी? असू दे ना. मी घाईत होतो.

यास्मिन : फिरवा ना. माझा हात पोचत नाही.

अरफात : सर...

दिगंबर : फिरव. तिला आकडे वाचता येतात, एवढं तरी मी शिकवलंय.

यास्मिन : व... एकसष्ट पूर्णांक सहा. क अठ्ठावन्न. वजा केले तर तीन पूर्णांक सहा. छेद तीन. एक पूर्णांक दोन. तासाला एक लिटर दोनशे?

दिगंबर : उत्तर बरोबर आहे.

यास्मिन : नाही, चुकलं असेल. तुमचं कायम अर्ध्या लिटरच्या आत येतं. दीड किलोच्या वर तुम्ही कधी आलाच नाहीत. मला ओरडता, दोन किलो आणले की. अरफातभाई, वजन चुकलंय का हे?

अरफात : दोनदा केलं मी. तासाला लिटरच्या वर मी मशिन लावतच नाही. तीन काढणार आज. तरी बघ ना, गोळे येतायत, बीपी पडतंय.

यास्मिन : दोन दिवसांत तीन पूर्णांक सहा? सर, काय प्यायलात तुम्ही?

दिगंबर : पाणी. माणसं पितात ते. माठातलं. चार भांडी, एकापाठोपाठ एक. घसा गार होतो म्हणजे काय होतं ते मी विसरलो होतो.

यास्मिन : आणि?

दिगंबर : उसाचा रस. आलं घालून. मोठा ग्लास.

यास्मिन : आणि?

दिगंबर : आमरस.

यास्मिन : आमरस!

दिगंबर : दोन वाट्या. हापूसचा. तिसरी घेणार होतो, पण पोट भरलं. सवय राहिली नाही.

यास्मिन : अहो, आमरसानं हृदय बंद पडतं आपलं! तुम्हीच सांगितलंत मला. गेल्या वर्षी मी नुसती फोड हातात घेतली तर तुम्ही किती बोललात. पोटॅशियम, पोटॅशियम म्हणून चार दिवस माझ्याशी धड बोलला नाहीत.

दिगंबर : चव छान होती.

यास्मिन : ज्याला सोमवारी सुया टोचून घ्यायच्या आहेत, तो आमरस खात नाही, सर.

दिगंबर : अरफात, पंखा जरा वाढव.

यास्मिन : खराडीला जायचंय ना तुम्हाला? सर? बोला ना. अरफातभाई, खराडीचं पत्र आलंय का इथे? दुसरीकडे जाताना फाईल जाते, रिपोर्ट जातात. गेलेत?

अरफात : मला मध्ये घेऊ नको, यास्मिन.

यास्मिन : गेलेत का नाही?

अरफात : नाही गेले.

दिगंबर : अरफात!

अरफात : काय अरफात, सर? सकाळपासून पोटात घेऊन फिरतोय मी ते. एक फॉर्म आहे फक्त. ऑफिसात दिलाय यांनी. "मी स्वखुशीने उपचार थांबवत आहे. माझी जागा यादीतील शेवटच्या रुग्णास द्यावी." खाली सही. साक्षीदार म्हणून माझी मागत होते. मी नाही केली.

यास्मिन : शेवटच्या रुग्णास.

दिगंबर : नाव नाही लिहिलं मी तुझं.

यास्मिन : आमोददादाला माहितीये?

दिगंबर : रविवारी सांगणार होतो. इतर दिवशी त्याच्या मीटिंगा असतात.

यास्मिन : तुम्हाला कुणी सांगितलं हे करायला? मी मागितलं होतं?

दिगंबर : आवाज चढवू नकोस, तुझाही अलार्म होईल. यात मागण्यासारखं काय आहे? जागा एक कमी आहे. मी बाहत्तर, तू चोवीस. याला राशीसुद्धा मांडावी लागत नाही.

यास्मिन : आणि मग मी काय करायचं? दर सोमवारी इथे येऊन झोपायचं आणि शेजारी बघायचं? पेपरात नापास झाले तर सरांनी जीव दिला आणि ही नापास झाली. पास झाले तर सरांमुळे. आजारी पडले, मेले, तर एवढं करून फुकट घालवलं. मला नाही जमणार, सर. मला माझंच ओझं उचलत नाही.

दिगंबर : हळूहळू सवय होते.

यास्मिन : कशाची? तुम्हाला झाली?

अरफात : सर, डोकं खाली करतो थोडं. बेड सपाट करू दे. हां. पाय दाबू का?

दिगंबर : नको. गोळा जाईल आपोआप.

यास्मिन : थांबा. थांबा, सर. किती आठवडे म्हणालात मशिन बंद, अरफातभाई?

अरफात : सहा. कंपनीवाला बोलला, सहा नक्की.

यास्मिन : आठवड्यातून तीन दिवस. सहा गुणिले तीन, अठरा दिवस. प्रत्येक दिवशी बाकी एक. म्हणजे सहा आठवड्यांत अठरा वेळा कुणीतरी एक जण उरणार.

दिगंबर : बरं. मग?

यास्मिन : दर वेळी तोच माणूस कशाला उरायला पाहिजे?

दिगंबर : म्हणजे?

यास्मिन : अठरा पाळ्या चुकवायच्या आहेत. आपण सतरा जण. पाळ्या वाटायच्या, त्या वर. माणसं खाली. अठरा भागिले सतरा. प्रत्येकानं एकदा चुकवायची, सर! सहा आठवड्यांत फक्त एकदा!

दिगंबर : आणि बाकी?

यास्मिन : बाकी एक. कुणीतरी एकानं दोनदा. पण मेलं नाही कुणी! बघा ना. एकदा चुकली तर माणूस मरत नाही. त्रास होतो, सूज येते, पण मरत नाही. हो ना, अरफातभाई?

अरफात : लोक चुकवतातच. गावाला लग्नाला जातात आणि सुजून येतात. डॉक्टरांना विचारावं लागेल. आणि सगळ्यांना पटलं पाहिजे. पण... सर, हे होऊ शकतं. आम्ही कोणी हा विचारच केला नाही. कुणाला काढायचं, कुणाला काढायचं, एवढंच चाललं होतं ऑफिसात.

यास्मिन : सर? बरोबर आहे ना? तपासा ना.

दिगंबर : बरोबर आहे.

यास्मिन : मग फॉर्म परत घ्या.

दिगंबर : गणित बरोबर आहे, यास्मिन. पूर्ण गुण. मला चव्वेचाळीस वर्षांत हे असं कुणी सोडवून दाखवलं नाही. पण फॉर्म मी परत घेणार नाही.

यास्मिन : का? आता तर जागा आहे!

दिगंबर : जागा नाही म्हणून मी सही केली नव्हती.

यास्मिन : मग?

दिगंबर : जागा नाही हे कळल्यावर मला बरं वाटलं. कारण मिळालं ना. मला यायचंच नाहीये, पोरी. चार वर्षं झाली. वर्षाचे बावन्न आठवडे, आठवड्याला तीन. सहाशे चोवीस वेळा. प्रत्येक वेळी दोन सुया. गुणाकार तूच कर.

यास्मिन : बाराशे अठ्ठेचाळीस.

दिगंबर : सुयांचं मला काही वाटत नाही. मला इथून सुटल्यावरची भीती वाटते. रिक्षा नारायण पेठेत सोडते. तीन मजले, लिफ्ट नाही. प्रत्येक मजल्यावर बसत बसत चढायचो. हेमा वर दार उघडं ठेवायची. जिन्यात उजेड पडायचा, तेवढ्यावर चढायचो. पाणी तीच मोजायची. सकाळी अर्ध्या लिटरची बाटली भरून ठेवायची आणि दिवसभर चोरावर असावी तशी माझ्यावर नजर. फेब्रुवारीत ती गेली. आता कुलूप मी काढतो. बाटली मी भरतो. कुणी बघतच नाही, तर कशासाठी मोजायचं? परवा आमोद आंबे ठेवून गेला. पथ्य त्याच्या लक्षातच नव्हतं. पेटी ठेवली आणि खालच्या खाली गेला, गाडी नो-पार्किंगमध्ये होती. मी रस काढला. हेमा काढायची तसा, साल पिळून. आणि खाल्ला. मला वाटलं होतं, भीती वाटेल. काहीच वाटलं नाही. तेव्हाच ठरलं. यादीतून कुणाला तरी काढणार हे मला दुसऱ्या दिवशी कळलं.

यास्मिन : म्हणजे माझ्यासाठी नव्हतंच ते.

दिगंबर : नव्हतं. तुझं नाव लावलं की जरा बरं दिसत होतं, इतकंच. कंटाळून गेला म्हणण्यापेक्षा. मास्तर आहे मी, मला उत्तर नीटनेटकं लागतं. माफ कर.

यास्मिन : मला पण वाटतं, सर. रोज. तुम्हाला सत्तरीत वाटलं, मला चोविशीत वाटतं. अम्मी सगळ्या मोहल्ल्यात हसून बोलते आणि मोरीत जाऊन रडते, नळ सोडून. मला ऐकू येतं. तो नळ वाहतो आणि मला वाटतं, पाणी वाया जातंय, मला द्या. मी इथे तुमच्या गणितांसाठी येते. रक्तासाठी यायचं झालं असतं तर कधीच बंद केलं असतं.

दिगंबर : असं बोलू नये.

यास्मिन : तुम्ही बोलायचं, मी बोलू नये? मी नाही सांगत तुम्हाला या म्हणून. मला तेवढा हक्क नाही. पण त्या कागदावरून शेवटचा रुग्ण काढा. तेवढं तरी करा. मरायचं तर स्वतःच्या नावावर मरा.

अरफात : यास्मिन!

दिगंबर : बोलू दे. बरोबर बोलतेय. काढतो. अरफात, जाताना तो फॉर्म आणून दे. खोडतो ती ओळ.

यास्मिन : आणि अरफातभाई, सोमवारच्या पाळीत माझं नाव घालू नका. पहिली चुकवायची ती मी.

अरफात : सोमवार नको! लाँग गॅप आहे. शुक्रवार ते बुधवार, पाच दिवस होतात. बुधवारची चुकव, चारच होतील.

यास्मिन : सोमवारपर्यंत दुसरं कोण तयार होणार आहे? सगळ्यांना समजवायलाच आठवडा जाईल. तोवर डॉक्टर यादी लावून मोकळे. पहिलं नाव कुणीतरी स्वतःहून दिलं तरच बाकीचे ऐकतील. लिहा.

दिगंबर : वेडेपणा करू नकोस. रविवारी पेपर आहे तुझा.

यास्मिन : पेपर रविवारी आहे. सोमवारी घरी पडून राहीन.

दिगंबर : आणि पाणी? पाच दिवसांचं पाणी अंगात घेऊन?

यास्मिन : मांडते ना. अंदाजे घाबरत नाही. शुक्रवार ते सोमवार तीन दिवस, रोज पाचशे. दीड लिटर चालतं दोन पाळ्यांच्या मध्ये. तेवढंच वाटायचं, क्ष दिवसांत. पंधराशे छेद क्ष. क्ष तीन तेव्हा पाचशे. क्ष पाच...

दिगंबर : किंमत काढ.

यास्मिन : तीनशे.

दिगंबर : दिवसाला तीनशे मिलिलिटर. मे महिन्यात. यात दोन कप चहा होतो आणि गोळ्या गिळायला घोटभर.

यास्मिन : चहा नाही घेणार.

दिगंबर : परीक्षेच्या वर्गात पंखा असतोच असं नाही.

यास्मिन : नसू दे. तुमच्यासाठी करत नाहीये मी, आणि हे कुणाच्या नावावर घालणार पण नाही. सतरा जणांचं आहे, त्यातला माझा वाटा आहे तो. तुमचं मशिन सोमवारी अकरा वाजता चालू असेल. आलात नाहीत तर तीन तास नुसतं उभं राहील. राहू दे उभं.

अरफात : सर, झाले तीन तास. काढतो सुया. इथे बोट दाबून धरा. जोरात. हां. उठताना घाई नाही, आधी बसा. चक्कर?

दिगंबर : थोडी.

अरफात : माझा खांदा धरा. काट्यावर या. चप्पल काढा. हात सोडा... अठ्ठावन्न पूर्णांक सहा.

यास्मिन : सहाशे ग्रॅम राहिलं.

अरफात : एक पूर्णांक दोननं काढलं असतं तर शून्य झालं असतं, पण तुम्ही राहिला नसता. पुन्हा सुया लावून अर्धा-पाऊण तास अजून देऊ का, सर?

दिगंबर : माझ्यानंतरचा माणूस बाहेर बाकावर कधीचा बसलाय. यास्मिन, त्या दुसऱ्या भागाकारात बाकी लिहिलीस का? अठरा भागिले सतरा?

यास्मिन : लिहिली. एक. एकानं दोनदा चुकवायची. कुणी, ते नाही लिहिलं.

दिगंबर : नको लिहूस अजून. आणि ती बाटली उन्हात ठेवू नकोस रविवारी, कोमट पाणी जास्त प्यावंसं वाटतं. माठातलं भर. बुचानं मोजून पी.

यास्मिन : काकू बुचानं मोजायच्या?

दिगंबर : बुचानं. शंभर बुचं व्हायची अर्ध्या लिटरची. तीनशेची साठ होतील.

अरफात : सर, खरंच सांगा, हे सहाशे ग्रॅम अंगात घेऊन जिना कसा चढणार? काय करू याचं?

दिगंबर : राहू दे. सोमवारी काढ.